सीमाभागातून विधानसभेत जाऊ इच्छिणाऱ्या तरुणास

खानापूर तालुक्यातील एका तरुण ग्रामपंचायत सदस्याने मला तीन गोष्टी विचारल्या आहेत. आमदाराचे खरे काम कोणते, कन्नड नीट येत नसलेल्या मराठी माणसाला विधानसभेत काही करता येते का, आणि पुढे कधीतरी त्या सभागृहात जाण्याची इच्छा असेल तर आजपासून काय शिकायला हवे. मी स्वतः कधी निवडणूक लढवलेली नाही. मात्र बेळगाव जिल्ह्यातील तीन आमदारांकडे, आणि ते तिघेही निरनिराळ्या पक्षांचे होते, मी स्वीय सहायक म्हणून दोन तपांहून अधिक काळ काम केले. अर्ज लिहिणे, प्रश्नांचे मसुदे करणे, उत्तरे वाचून दाखवणे आणि उत्तर अपुरे असेल तर पुन्हा पत्र पाठवणे यांत माझी उमेदीची वर्षे गेली. तेव्हा जे जवळून पाहिले तेवढेच लिहितो.

माझे मत आधीच सांगतो. आमदाराची कारकीर्द उभी राहते ती विचारलेल्या प्रश्नावर, त्याला मिळालेल्या लेखी उत्तरावर आणि त्या उत्तराच्या पाठपुराव्यावर. आपल्या भागात हा सगळा कागद कन्नडमध्ये असतो. म्हणून तुमच्या तीन प्रश्नांपैकी दुसरा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, आणि पहिल्याचे उत्तरही त्याच्यापाशी येऊन मिळते.

कर्नाटक विधानसभेत 224 निर्वाचित सदस्य आहेत. त्यांपैकी 18 एकट्या बेळगाव जिल्ह्यातून जातात. बंगळूर वगळता इतक्या जागा दुसऱ्या कोणत्याही जिल्ह्याला नाहीत. निपाणीपासून रामदुर्गपर्यंत पसरलेल्या या मतदारसंघांत मराठी मतदार सर्वत्र सारखा नाही. खानापूर, बेळगाव ग्रामीण, बेळगाव दक्षिण अशा ठिकाणी तो निकाल फिरवू शकतो, तर सौंदत्ती-रामदुर्गाकडे त्याची संख्या थोडी आहे. 2013 साली सीमाभाग महाराष्ट्रात जावा यासाठी झगडणाऱ्या महाराष्ट्र एकीकरण समितीचे संभाजी पाटील बेळगाव दक्षिणमधून आणि अरविंद पाटील खानापुरातून निवडून आले होते. 2018 आणि 2023 या दोन्ही निवडणुकांत समितीला एकही जागा मिळाली नाही. मराठी बोलणारे आमदार त्यानंतरही झाले, पण ते राष्ट्रीय पक्षांच्या तिकिटावर. या दोन वाटांत मोठा फरक आहे आणि त्याकडे मी पुढे येईन.

आमदाराचा दिवस सकाळी साडेसहाला दारातल्या कट्ट्यावर सुरू होतो. लोक एसटी येण्याआधी, दूध घालून, कोणी पायी, कोणी कुणाच्या गाडीवर मागे बसून आलेले असतात. प्रत्येकाच्या हातात प्लॅस्टिकची एक पिशवी असते आणि तिच्यात आधार कार्ड, रेशन कार्ड, पहाणीचा उतारा आणि कुठल्यातरी कार्यालयाने परत केलेला अर्ज. एकाची टीसी, म्हणजे विजेचा ट्रान्सफॉर्मर, जळून आठ दिवस झाले आहेत, ऊस वाळतो आहे आणि वीज कंपनी हेस्कॉमचे लोक तारीख देत नाहीत. दुसऱ्याच्या वडिलांना मोठ्या दवाखान्यात हलवायचे आहे. तिसऱ्याच्या उताऱ्यावर आजोबांचे नाव कन्नडमध्ये चुकीचे पडले आहे आणि त्या एका अक्षरापायी वाटणीचे काम तीन वर्षे अडले आहे. मी एक वही ठेवत असे. डाव्या पानावर माणसाचे नाव, गाव आणि काम. उजव्या पानावर कोणाला फोन केला, कोणते पत्र दिले, काय उत्तर आले. पहिल्या आमदारांनी मला सांगितले होते, ‘‘उजवे पान कोरे राहिले की माणूस दुसऱ्या दाराला जातो.’’ ती सवय मी शेवटपर्यंत सोडली नाही.

यातले बहुतेक काम कायद्याने आमदाराचे नव्हे. उताऱ्यातील नाव दुरुस्त करणे तहसीलदाराच्या कार्यालयाचे काम आहे, टीसी बदलणे वीज कंपनीचे आहे. पण खालचे दार उघडत नाही म्हणून माणूस वरच्या दाराशी येतो, आणि आलेल्या माणसाला ‘‘हे माझे काम नाही’’ असे सांगणारा आमदार दुसऱ्यांदा निवडून येत नाही. त्यामुळे दुपारी बारापर्यंतचा वेळ यातच जातो. ज्याला सभागृहात काही करायचे आहे त्याने हा वेळ वाचवण्याची व्यवस्था पहिल्याच महिन्यात लावली पाहिजे. म्हणजे विश्वासू सहायक, प्रत्येक खात्यासाठी ठरलेला दिवस आणि अर्जाची पोच. माझ्या तिसऱ्या आमदारांनी ती लावली नाही. पाच वर्षांत त्यांनी हजारो माणसांना भेट दिली आणि सभागृहात फार थोडे प्रश्न मांडले. माणूस म्हणून ते अतिशय चांगले होते, आणि हे लिहिताना मला आजही वाईट वाटते.

तालुक्यात कायद्याने किंवा शासनाच्या आदेशाने आमदाराकडे जी कामे येतात त्यांत केडीपीची बैठक पहिली. कर्नाटक विकास कार्यक्रमाच्या या तिमाही आढाव्यात आमदार अध्यक्षस्थानी असतो आणि तालुक्यातील प्रत्येक खात्याचा अधिकारी आपला अहवाल घेऊन बसतो. सरकारी जमिनीवर वर्षानुवर्षे कसणाऱ्यांचे अर्ज तपासणारी बगर हुकूम समितीही आमदाराच्या अध्यक्षतेखाली चालते. याखेरीज स्थानिक विकास निधी असतो, आमदाराला वर्षाला 2 कोटी रुपये. हा आकडा ऐकायला मोठा वाटतो, पण खानापूर तालुक्यात दोनशेहून अधिक गावे आहेत. सरसकट वाटला तर गावाला वर्षाकाठी लाखभर रुपयेसुद्धा पुरते येत नाहीत. तेवढ्यात गल्लीतला सिमेंटचा रस्ता अर्धाही होत नाही. त्यामुळे निधी कोणी किती खर्च केला यावरून आमदार जोखणे मला कधीच पटले नाही. रस्ता, पूल, शाळा, धरण ही कामे अर्थसंकल्पातील खात्यांच्या पैशातून होतात, आणि खात्याला जागे करण्याचे साधन सभागृहात आहे.

ते साधन म्हणजे प्रश्न. तारांकित प्रश्नाला कन्नडमध्ये ‘चुक्के गुरुतिन प्रश्ने’ म्हणतात. त्याचे उत्तर मंत्री सभागृहात तोंडी देतात आणि त्यावर पूरक प्रश्न विचारता येतात. अतारांकित प्रश्नाला फक्त लेखी उत्तर मिळते. यादीत नाव खाली असले आणि वेळ संपला तर तारांकित प्रश्नाचेही उत्तर नुसते पटलावर ठेवले जाते. याशिवाय लक्षवेधी सूचना आहे, शून्य प्रहर आहे, खात्याच्या मागण्यांवरील कपात सूचना आहे. पण सुरुवात प्रश्नापासून करावी, कारण प्रश्नाला उत्तर देणे शासनाला चुकत नाही आणि त्या उत्तराखाली मंत्र्याची जबाबदारी असते.

एका प्रश्नाचा प्रवास सविस्तर सांगतो, म्हणजे माझे म्हणणे नीट ध्यानात येईल. खानापूरच्या पश्चिम भागातून, जिथे पावसाळ्यात नाले भरले की गावे तुटतात, एक बाई सकाळी कट्ट्यावर आल्या. आमदारांना म्हणाल्या, ‘‘दादा, पोरगं तिसरीत गेलं, पण अजून पयल्याचीच बाराखडी गिरवतंय. चार वर्गांना एकच गुरुजी, आणि ते बी मिटिंगला गेले की शाळेला कुलूप.’’ त्या बाईंच्या हातात अर्जसुद्धा नव्हता. आमदारांना राग आला आणि त्यांनी मला त्याच दिवशी प्रश्न तयार करायला सांगितले. त्यांनी तोंडी सांगितलेला मसुदा असा होता: ‘‘शासन मराठी शाळांवर अन्याय का करीत आहे आणि हा अन्याय केव्हा थांबवणार?’’

हा प्रश्न सचिवालयातून परत आला असता. नियमाप्रमाणे प्रश्नात युक्तिवाद, आरोप, मत किंवा अनुमान चालत नाही. एका विषयाची, शासनाच्या अखत्यारीतील माहितीच मागावी लागते. आणि समजा तो स्वीकारला गेला असता तरी मंत्र्यांना ‘‘अन्याय होत नाही’’ एवढेच म्हणून मोकळे होता आले असते. मग आम्ही दोघे रात्री बसलो आणि तो असा लिहिला. खानापूर तालुक्यातील सरकारी मराठी माध्यमाच्या प्राथमिक शाळांत मंजूर शिक्षकपदे किती, भरलेली किती, रिक्त किती, याचा शाळावार तपशील द्यावा. एकशिक्षकी शाळा कोणत्या. रिक्त पदे कोणत्या मुदतीत भरली जातील. अन्याय हा शब्द कुठेही नव्हता. आकडे आले की तो ज्याला दिसायचा त्याला दिसणार होता.

उत्तर आले त्यात मराठी आणि कन्नड शाळा एकत्र करून तालुक्याची बेरीज दिली होती आणि रिक्त जागी अतिथी शिक्षक नेमल्याचे म्हटले होते. शाळावार तक्ता नव्हता. इथे पुष्कळ आमदार थांबतात, कारण वर्तमानपत्रात ‘आमदारांनी आवाज उठवला’ अशी बातमी येऊन गेलेली असते. आम्ही गटशिक्षणाधिकाऱ्यांच्या कार्यालयातून शाळांची यादी मिळवली, गावातल्या शाळा समित्यांच्या अध्यक्षांना फोन केले आणि पूरक प्रश्नासाठी चिठ्ठी तयार केली: अमुक शाळेत चार वर्गांना एक शिक्षक आहे, तिथे नेमलेल्या अतिथी शिक्षकाला मराठी वाचता येते का. सभागृहात हा प्रश्न कन्नडमध्ये विचारला गेला आणि मंत्र्यांना क्षणभर थांबून अधिकाऱ्यांच्या कक्षाकडे पाहावे लागले. मग उत्तर आले, ‘‘परिशीलिसलागुवुदु, क्रम कैगोळ्ळलागुवुदु.’’ तपासले जाईल, कार्यवाही केली जाईल.

ऐकणाऱ्याला हे शब्द पोकळ वाटतात आणि लोक म्हणतात की तोंडाला पाने पुसली. मला तसे वाटत नाही. मंत्र्याने सभागृहात दिलेला असा शब्द आश्वासन ठरतो आणि आश्वासनांचा पाठपुरावा करण्यासाठी विधानसभेची स्वतंत्र समिती असते, जिला ‘भरवसेगळ समिती’ म्हणतात. ती खात्याला विचारते की दिलेल्या शब्दाचे काय झाले. कामकाजाच्या छापील वृत्तांतातील त्या ओळीची प्रत जोडून आम्ही समितीला आणि खात्याला पत्रे पाठवत राहिलो. दुसऱ्या वर्षी त्या शाळेत मराठीचे आणखी एक शिक्षक रुजू झाले. तालुक्यातील सगळ्या शाळांचा प्रश्न सुटला नाही, आजही सुटलेला नाही. पण त्या बाईंचा मुलगा चौथीत वाचू लागला होता, हे मी माझ्या वहीच्या उजव्या पानावर लिहिले.

आता भाषेबद्दल. संविधानाच्या अनुच्छेद 210 प्रमाणे विधिमंडळाचे कामकाज राज्याच्या राजभाषेत, हिंदीत किंवा इंग्रजीत चालते. यांपैकी कोणत्याही भाषेत ज्याला पुरेसे बोलता येत नाही त्या सदस्याला अध्यक्ष मातृभाषेत बोलण्याची अनुमती देऊ शकतात. म्हणजे मराठीत बोलण्याचा मार्ग संविधानाने बंद केलेला नाही, आणि तो वापरणाऱ्याला कमी लेखण्याचे कारण नाही. पण अनुमती देणे अध्यक्षांच्या हाती असते. शिवाय पूरक प्रश्नाची चकमक ही अर्ध्या मिनिटाची असते. मंत्री काय बोलले ते त्याच क्षणी समजले आणि त्याच क्षणी उलट विचारता आले तरच तिचा उपयोग. मी ज्यांच्याकडे काम केले त्यांपैकी एक आमदार उत्तम मराठी वक्ते होते. शिवजयंतीला त्यांचे भाषण ऐकायला पाच-पाच गावांचे लोक जमत. सभागृहात ते गप्प बसत, आणि बाहेर आल्यावर मला विचारत की मंत्री नेमके काय म्हणाले. तो गप्प बसण्याचा त्रास त्यांच्या चेहऱ्यावर दिसत असे. पन्नाशी उलटल्यावर त्यांनी कन्नड वाचायला सुरुवात केली. रोज सकाळी ते माझ्याकडून कन्नड वर्तमानपत्राचे एक पान वाचून घेत आणि मग स्वतः वाचत.

आपल्याकडे याला एक जुनी, दुखरी बाजू आहे आणि ती टाळून चालणार नाही. 1986 साली कन्नडसक्तीविरुद्ध आंदोलन झाले, गोळीबारात माणसे गेली, आणि 1 जूनला हिंडलग्याच्या हुतात्मा स्मारकावर आपण आजही जमतो. त्या घरांतली ज्येष्ठ माणसे मला विचारत, ‘‘कन्नड शिकायचे म्हणजे मग ते सगळे वाया गेले का?’’ मी त्यांना जे सांगत असे तेच तुम्हाला सांगतो. ते आंदोलन सक्तीविरुद्ध होते, शेजाऱ्याच्या भाषेविरुद्ध नव्हते. भाषिक अल्पसंख्याकांची संख्या 15 टक्के किंवा त्याहून अधिक असेल तिथे महत्त्वाचे नियम व सूचना त्यांच्या भाषेतही प्रसिद्ध व्हाव्यात, असे देशपातळीवर मान्य झालेले संरक्षण आहे. मातृभाषेतून प्राथमिक शिक्षणाची सोय करण्याविषयी अनुच्छेद 350 अ आहे आणि भाषिक अल्पसंख्याकांसाठी विशेष अधिकारी नेमण्याविषयी 350 ब. ही संरक्षणे मागणारे पत्र ज्या टेबलावर जाते तिथला माणूस कन्नड वाचतो. ते पत्र त्याच्या भाषेत बिनचूक लिहिलेले असेल, त्यात अनुच्छेद आणि आकडे असतील, तर त्याला ते बाजूला सारता येत नाही. मराठीसाठी लढण्याचे हे एक हत्यार आहे असे मी मानतो, आणि तरुणांनी ते हाती घ्यावे असे मला मनापासून वाटते.

सीमाप्रश्नाविषयीही तुम्हाला मतदार विचारतील, तेव्हा सत्य तेच सांगा. 1 नोव्हेंबर 1956 च्या राज्यपुनर्रचनेत मुंबई राज्यातील बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात गेला आणि चंदगड तालुका मात्र पलीकडे राहिला. महाजन आयोगाने 1967 च्या अहवालात निपाणी, खानापूर, नंदगड यांसह 264 गावे महाराष्ट्राला द्यावीत आणि बेळगाव शहर इकडेच ठेवावे असे सुचवले; महाराष्ट्राला तो अहवाल मान्य झाला नाही. 2004 पासून महाराष्ट्राचा दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. राज्याची सीमा बदलण्याचा अधिकार अनुच्छेद 3 प्रमाणे संसदेला आहे. विधानसभेचे फक्त मत मागवले जाते. डिसेंबर 2022 मध्ये कर्नाटक आणि महाराष्ट्र या दोन्ही विधिमंडळांनी काही दिवसांच्या अंतराने परस्परविरोधी ठराव केले, आणि त्यानंतरही दावा न्यायालयात होता तिथेच राहिला. तेव्हा आमदार झाल्यावर सीमा बदलून दाखवीन असे कोणी सांगत असेल तर ते त्याच्या हाती नाही. सीमाभागातील माणसाची भाषा, शाळा, उतारा आणि रस्ता यांच्यासाठी सभागृहात उभे राहणे मात्र पूर्णपणे त्याच्या हाती आहे. एक निष्ठा दुसरीच्या आड येत नाही.

2006 सालापासून बेळगावातही विधिमंडळाची अधिवेशने भरू लागली आणि 11 ऑक्टोबर 2012 रोजी सुवर्ण विधानसौधचे उद्घाटन झाले. हलग्याजवळ महामार्गालगतची ती इमारत मराठी माणसाला काय सांगण्यासाठी उभारली गेली याबद्दल आपल्या लोकांच्या भावना तीव्र आहेत; एकीकरण समितीचा महामेळावा अधिवेशनाच्याच सुमारास होतो तो त्यामुळेच. तरीही एक व्यावहारिक गोष्ट खरी आहे की हिवाळी अधिवेशनात उत्तर कर्नाटकाच्या विषयांवर चर्चा होते, सगळी खाती आपल्या दारात येतात, आणि एरवी बंगळूरला राणी चन्नम्मा एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास करून ज्या सचिवाची भेट मिळत नाही तो इथे जिन्यावर भेटतो.

आता मघाशी म्हटलेल्या दोन वाटा. पक्षाच्या तिकिटावर निवडून आलात तर पक्षादेश म्हणजे व्हिप पाळावा लागतो. सरकार तुमच्या पक्षाचे असेल तर निधी आणि बदल्या सोप्या जातात, पण भाषेच्या विधेयकावर पक्ष जिकडे जाईल तिकडे मतदान करावे लागते. व्हिप मोडला तर संविधानाच्या दहाव्या अनुसूचीप्रमाणे, म्हणजे पक्षांतरबंदीच्या तरतुदीने, सदस्यत्व जाते. समितीच्या पाठिंब्याने किंवा स्वतःच्या बळावर अपक्ष म्हणून गेलात तर व्हिप नाही, मात्र निवडून आल्यावर कोणत्याही पक्षात प्रवेश केला तरी सदस्यत्व जाते, हे फार जणांना ठाऊक नसते. 2019 साली कर्नाटकात 17 आमदार अपात्र ठरले आणि त्यानंतर डिसेंबरमध्ये आपल्याच जिल्ह्यात गोकाक, अथणी आणि कागवाड येथे पोटनिवडणुका झाल्या, हे तुम्ही पाहिलेच आहे. अपक्षाला सभागृहात बोलायलाही थोडाच वेळ मिळतो, कारण चर्चेचा वेळ पक्षांच्या संख्याबळावर वाटला जातो. म्हणूनच अपक्षासाठी लेखी प्रश्न अधिक मोलाचा.

निवडणुकीचे तांत्रिक भाग वकील सांगतील; मी थोडक्यात सांगतो. वय 25 पूर्ण हवे. अनामत 10,000 रुपये, अनुसूचित जाती-जमातींच्या उमेदवाराला निम्मी. मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला एक सूचक पुरतो, इतरांना 10 लागतात. या 10 सूचकांच्या नियमाशी बेळगावचा संबंध आहे. 1985 साली बेळगाव शहर मतदारसंघात 301 उमेदवार उभे होते, आणि 1996 च्या लोकसभा निवडणुकीत सीमाप्रश्नाकडे देशाचे लक्ष वेधण्यासाठी बेळगावातून 456 उमेदवार रिंगणात राहिले. त्याच वर्षी देशात इतरत्रही असेच प्रकार झाले, आणि मग कायद्यात दुरुस्ती होऊन अनामत वाढली व सूचकांची संख्या 10 झाली. खर्चाची मर्यादा 2022 पासून 40 लाख रुपये आहे. निकालानंतर 30 दिवसांत खर्चाचा हिशेब दिला नाही तर तीन वर्षांपर्यंत निवडणूक लढवण्यास अपात्र ठरवले जाऊ शकते. निवडून आल्यावर दरवर्षी मालमत्तेचे विवरण लोकायुक्तांना द्यावे लागते. या दोन कागदांत हयगय करणारे लोक मी पाहिले आहेत, आणि विरोधक नेमके तेच शोधत असतात.

वर जाण्याच्या पायऱ्या आपल्या भागात ठरलेल्या आहेत. ग्रामपंचायत, मग तालुका किंवा जिल्हा पंचायत. त्याच्या जोडीला गावचा पीकेपीएस, म्हणजे शेतकऱ्यांना कर्ज देणारा सहकारी संघ, जिल्हा मध्यवर्ती बँक, साखर कारखान्याचे संचालकपद. बेळगाव जिल्ह्यात उसाचा पैसा आणि सहकारातली माणसे यांच्याशिवाय मोठी निवडणूक फार थोड्यांनी जिंकली आहे. तालुका आणि जिल्हा पंचायतींची मुदत 2021 मध्ये संपल्यावर निवडणुका वर्षानुवर्षे लांबल्या, आणि त्यामुळे तुमच्या पिढीची मधली पायरीच निघून गेली. जिल्हा पंचायतीत पाच वर्षे बसलेल्या माणसाला अंदाजपत्रक वाचता येते, अभियंत्याशी कसे बोलावे ते कळते. हे शिक्षण आता तुम्हाला स्वतःच्या प्रयत्नाने मिळवावे लागेल. ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षविरहित असते, हा एक लाभ समजा. पाच वर्षे कोणाचा शिक्का न लागता काम करता येते.

पराभवाबद्दलही लिहायला हवे, कारण कारकीर्द म्हटली की तो तिच्यात असतोच. माझे दुसरे आमदार पडले त्याच्या दुसऱ्या दिवशी मी नेहमीप्रमाणे साडेसहाला गेलो. वहिनींनी सवयीने मोठ्या भांड्यात चहा ठेवला होता. कट्ट्यावर तिघेच होते. आमदार बाहेर आले, खुर्चीत बसले, आणि मला म्हणाले, ‘‘वहीत ज्यांची कामे अर्धवट आहेत त्यांची यादी काढा. नव्या आमदारांकडे पाठवू.’’ आम्ही दोन दिवस बसून ती यादी केली. नव्या आमदारांनी ती स्वीकारली आणि त्यातली पुष्कळ कामे केलीही. आमदारांना निवृत्तिवेतन मिळते, 2025 मध्ये वेतन आणि निवृत्तिवेतन दोन्ही वाढले, त्यामुळे पोटाचा प्रश्न पूर्वीइतका राहत नाही. पण पाच वर्षांत शेतीकडे दुर्लक्ष झालेले असते, मुलांच्या शाळेचे वर्ष कोणते हेही ठाऊक नसते. घरच्यांशी आधी बोला. वहिनींच्या त्या चहाच्या भांड्याचा विचार निवडणुकीआधी फार कोणी करत नाही.

तुमच्यासाठी आत्ता करण्याजोगे सांगतो. पंचायतीची प्रत्येक सूचना आणि ठराव कन्नडमध्ये स्वतः वाचा, पीडीओंना, म्हणजे पंचायत विकास अधिकाऱ्यांना, अर्थ विचारायला लाजू नका. विधानसभेतील प्रश्न आणि उत्तरे प्रसिद्ध होतात. खानापूर तालुक्याविषयी गेल्या पाच वर्षांत काय विचारले गेले ते काढा, आणि जी उत्तरे अपुरी आहेत त्यांच्यासमोर खूण करा. तुमच्या गावाचा एक प्रश्न वर सांगितल्याप्रमाणे, अन्याय हा शब्द न वापरता, लिहून आजच्या आमदारांना द्या. ते कोणत्याही पक्षाचे असोत. आयता तयार, आकड्यांसह आलेला प्रश्न कोणताही आमदार सहसा नाकारत नाही.

आणि येत्या हिवाळी अधिवेशनात सुवर्णसौधच्या प्रेक्षक कक्षाचा पास आमदारांच्या कार्यालयातून मागून घ्या. प्रश्नोत्तरांचा तास संपला की कक्ष बराचसा रिकामा होतो, कारण पाहण्यासारखे संपले असे लोकांना वाटते. त्यानंतर पटलावर कागद ठेवले जातात आणि समित्यांचे अहवाल सादर होतात. तेवढा वेळ जागेवरून उठू नका, आणि कोणत्या आमदाराने त्या वेळी पुढे वाकून कागद मागून घेतला ते लिहून ठेवा. अधिवेशन संपल्यावर त्याच्या सहायकाची ओळख करून घ्या.